नव्यासारखी खुर्ची

भिंतीला कान असतात, हे आपण लहानपणापासून ऐकत आलो आहोत. पण भिंतीला तोंड नसतं, आणि असलं तरी तिला समन्स बजावून पिंजऱ्यात उभं करता येत नाही, हे मला न्यायालयात टंकलेखक म्हणून चिकटल्यावर कळलं. घरात जे घडतं ते चार भिंतींच्या आत घडतं. कायद्याला मात्र ते पाहिलेला पाचवा कुणीतरी लागतो. हा पाचवा घरातला असेल तर तो पक्षपाती. बाहेरचा असेल तर तो त्या वेळी तिथे काय करत होता, हा पहिला प्रश्न. यात कुणाचाच दोष नाही. सुनेचा छळ करणाऱ्यांनीच जरा सामाजिक जाणीव ठेवून, नात्यात नसलेल्या आणि सही करता येणाऱ्या दोन प्रतिष्ठित माणसांसमोर छळ केला, तर न्यायालयाचा बराच वेळ वाचेल. तशी सूचना मी एकदा वरिष्ठांना केली होती. (ती विचाराधीन आहे. ते वरिष्ठ निवृत्त झाले आहेत.)

ज्या बाईची ही हकीगत, तिला कागदोपत्री 'फिर्यादी' म्हणत आणि आम्ही कर्मचारी चहा पिताना 'कवळीवाली' म्हणायचो. ती दातांच्या कारखान्यात कामाला होती. मेणात दात कोरायचे, त्यांची कवळी बसवायची, हे तिचं काम. तिचे वडील मोटार चालवायला शिकवायचे. शिकाऊ गाडीत मास्तरच्या पायाशीही एक ब्रेक असतो. आयुष्यभर त्यांनी दुसऱ्यांच्या चुकांवर तो दाबला. मुलीच्या लग्नाच्या वेळी मात्र त्यांच्या बाजूला ब्रेक नव्हता.

नवरा दंतवैद्य. दातांचीच पोरगी आणि दातांचाच पोरगा, म्हणून जो तो म्हणाला की जोडा अगदी चपखल बसला. लग्न झालं, घडी बसतेय न बसतेय तोच सासूबाईंनी सुनेला सांगितलं, "दवाखाना निघतोय. नव्या खुर्चीचं तेवढं तुझ्या वडिलांनी बघावं."

दंतवैद्याची खुर्ची म्हणजे बसायची खुर्ची नव्हे. ती वर जाते, खाली येते, मागे कलते, डोक्यावर दिवा धरते आणि तोंड धुवायची वाटीही पुढे करते. एवढी सेवा घरातली सूनही करत नाही. साहजिकच तिची किंमत सुनेपेक्षा जास्त असते. तिच्या वडिलांनी, म्हणजे मास्तरांनी, इकडून तिकडून जुळवाजुळव केली. एका म्हाताऱ्या दंतवैद्याचा दवाखाना बंद होत होता, तिथली खुर्ची मिळाली. मास्तरांनी ती स्वतः उघडून साफ केली, तेलपाणी केलं, गादीला नवं कापड चढवलं आणि टेम्पोत मागे तिच्याशेजारी उभं राहून जावयाच्या दारात पोचवली.

त्यानंतर त्या घरात जे झालं ते मी सरकारी कागदावर टाइप केलं आहे, त्यामुळे ते 'कथित' आहे. सुनेला स्वयंपाकघरात मज्जाव झाला (कथित). कडी बाहेरून लावून तिला गच्चीवर ठेवलं (कथित). कारखान्यात जाणं बंद झालं. आणि एका दुपारी नवऱ्याने अवजारांचा ड्रॉवर लावला तेव्हा तिच्या उजव्या हाताचा अंगठा त्यात होता. ड्रॉवर कथित. अंगठा मात्र खरा, कारण तो आजही पुरता वाकत नाही, आणि दात कोरणाऱ्या बाईच्या अंगठ्याने वाकणं अपेक्षित असतं.

ती माहेरी आली. पुढे पोलीस ठाण्यात गेली. इथे तिची पहिली चूक झाली, ती म्हणजे वेळ. फिर्याद लगेच केली तर मुलगी उतावळी, तिला संसार करायचाच नव्हता. उशिरा केली तर ती वकिलाने शिकवलेली, विचार करून रचलेली. योग्य वेळ या दोहोंच्या मध्ये कुठेतरी असते. बहुधा बुधवारी दुपारी. पण त्या वेळी ठाण्यात साहेब नसतात.

ठाण्यातून तिला आधी समुपदेशनाला पाठवलं. तिथल्या बाई फार प्रेमळ होत्या. त्या म्हणाल्या, "अगं, भांड्याला भांडं लागायचंच." कवळीवाली म्हणाली, "बाई, पण दरवेळी चेपतं तेच एक भांडं." बाईंनी 'समेटाची शक्यता आहे' असा शेरा मारला.

खटला उभा राहिला. सरकारी वकीलबाई हुशार होत्या, फक्त त्यांना बारमाही सर्दी असे. ऐन मुद्द्यावर शिंक येई आणि मुद्दा रुमालात जाई. बचावाचे वकील अत्यंत नम्र. आम्ही त्यांना 'गुळाचा खडा' म्हणायचो. साक्षीदाराचं वाटोळं करण्याआधी ते त्याची तब्येत विचारत. न्यायाधीशसाहेब कमी बोलणारे होते. ते काही बोलले की मी दचकायचो आणि माझ्याकडून जोडाक्षर चुकायचं.

कवळीवालीचा उलटतपास मला अजून आठवतो. तिच्या पुढ्यात एक फोटो ठेवण्यात आला.

"ताई, तब्येत बरी आहे ना? छान. हा लग्नाच्या वाढदिवसाचा फोटो. यात तुम्ही हसताय."

"हो."

"म्हणजे आनंदात होता."

"फोटो काढणारा म्हणाला, दात दाखवा. दाखवले. मी कामही तेच करते."

'फिर्यादी आनंदात असल्याचे तिला मान्य नाही, परंतु दात दिसत असल्याचे मान्य आहे,' असं मी टाइप केलं.

मग सासूबाईंना पाठवलेला संदेश दाखवण्यात आला. त्यात एवढंच होतं, 'आई, जेवलात का?' गुळाचा खडा हळहळत म्हणाले, "जी सासू उपाशी ठेवते, तिला कुणी जेवलात का असं विचारतं का हो?"

"त्या जेवल्यावरच मला मिळायचं," ती म्हणाली. "म्हणून विचारायचे."

न्यायाधीशसाहेबांनी चष्मा काढून पुसला. पण चष्मा पुसणं टाइप होत नाही. रडणंही होत नाही, सुस्कारा होत नाही, आवाज कापणं होत नाही. त्या दिवशी ती बराच वेळ थांबली होती, बोलताच येईना तिला. साहेबांच्या सांगण्यावरून मी नोंद केली, 'साक्षीदाराने पाणी मागितले. पाणी देण्यात आले.' आमचं न्यायालय तहानलेल्यांना कधीच विन्मुख पाठवत नाही.

मग अंगठा आला. घटनेच्या दिवशीचा सरकारी दवाखान्याचा कागद दाखल होता. त्यावर लिहिलं होतं, 'वाऱ्याने दार लागून दुखापत, असे रुग्ण सांगते.'

"हे डॉक्टरांना तुम्हीच सांगितलंत?"

"हो."

"मग तेव्हा खोटं बोललात, की आता बोलताय?"

"तेव्हा. तेव्हा शेजारी नवरा उभा होता."

"आणि आता?"

"आता तुम्ही आहात."

मागच्या बाकावर कुणीतरी हसलं. साहेब म्हणाले, "शेवटचं वाक्य वगळा." मी वगळलं. (इथे लिहितोय, कारण हे कागदपत्र अधिकृत नाही.)

यानंतर शेजारीणकाकू आल्या. या बाईंनी पोलिसांना सांगितलं होतं की, भिंतीपलीकडून आरडाओरडा ऐकू यायचा, 'बापाला सांग' असं ऐकू यायचं, एकदा मुलीची किंकाळीही ऐकली. न्यायालयात पिंजऱ्यात चढल्यावर मात्र त्यांनी आरोपींकडे पाहिलं. आरोपींनी त्यांच्याकडे पाहिलं. दोन्ही घरांचा जिना एकच होता.

"आवाज यायचा, पण तो टीव्हीचा असेल," काकू म्हणाल्या.

सरकारी वकीलबाईंनी शिंक आवरून विचारलं, "टीव्हीवर काय चालू होतं?"

"मालिका."

"कोणती?"

"नाव आठवत नाही. पण सासू-सुनेचीच होती. फार लांबली ती."

'साक्षीदार फितूर', असा शेरा पडला. फितूर शब्द ऐकला की किल्ल्याचे दरवाजे उघडून शत्रूला आत घेणारा माणूस डोळ्यांसमोर येतो. काकूंनी फक्त आपल्या घराचं दार लावून घेतलं होतं. जाताना त्या कवळीवालीच्या बाकाजवळ घुटमळल्या आणि म्हणाल्या, "बाळा, काय करणार, आम्हाला तिथेच राहायचंय." तिने बाजूला सरकून काकूंना वाट करून दिली.

आता उरले मास्तर. सगळी भिस्त त्यांच्यावर. एवढ्या काळात त्यांचं एका डोळ्याचं ऑपरेशन झालं होतं आणि शिकाऊ गाडी दुसऱ्याच्या हातात गेली होती. त्यांनी इतकंच सांगायचं होतं की खुर्ची सासरच्यांनी मागितली, म्हणून दिली. वकीलबाईंनी त्यांना तीनतीनदा समजावलं होतं. पण गुळाचा खडा उठले.

"मास्तर, प्रकृती कशी आहे? डोळा कसा आहे? जपा हं. एक विचारू का? तुम्हाला ठाऊक असेलच, हुंडा घेणं जसा गुन्हा तसा देणंही गुन्हाच. खुर्ची तुम्ही दडपणाखाली दिलीत, की बाप म्हणून स्वखुशीने?"

मास्तरांनी मान वर केली. मुलीच्या संसाराला आपण नाक मुठीत धरून वस्तू पुरवली, हे भरल्या दालनात सांगायचं त्यांच्या जिवावर आलं. वर गुन्ह्याची धास्ती. "मुलीला देताना कोण नाखुशीने देतो?" ते म्हणाले. "स्वखुशीने दिली."

वकीलबाईंना शिंक आली. या वेळी ती सर्दीची नव्हती.

"आणि चांगली दिली," मास्तरांना आता थांबता येईना. "मी स्वतः उघडून, तेलपाणी करून दिली. अगदी नव्यासारखी!"

"नोंद व्हावी," गुळाचा खडा हात जोडून म्हणाले, आणि मी नोंद केली. नव्यासारखी.

बाहेर व्हरांड्यात बापलेक बाकावर बसले होते. मी कोरे कागद आणायला म्हणून बाहेर आलो होतो. ती चिडली असेल असं मला वाटलं. ती म्हणत होती, "बाबा, डोळ्यात औषध घातलं का?" मास्तर म्हणाले, "घातलं." मग म्हणाले, "मला वाटलं, तू हलकी होशील लोकांत." ती म्हणाली, "आणखी किती हलकी होऊ, बाबा?" मी आत गेलो.

तर असा हा खटला जमीनदोस्त झाला. फक्त पडझड कागदावर यायची राहिली होती. शेवटचा उपचार म्हणून आरोपींचे जबाब घ्यायचे असतात. त्यात शपथ नसते, उलटतपास नसतो. न्यायाधीश एकेक मुद्दा वाचतात आणि आरोपीला काय म्हणायचं ते विचारतात. गुळाच्या खड्याने आरोपींकडून दोनच शब्द घोटून घेतले होते, 'खोटं आहे.' बाकी ब्र काढायचा नाही.

दंतवैद्य मुळातच आज्ञाधारक. साहेबांनी विचारलं, "फिर्यादीशी तुमचा विवाह झाला, असा पुरावा आहे. काय म्हणणं आहे?"

"खोटं आहे."

गुळाचा खडा खाकरले. दंतवैद्याने घाईघाईने दुरुस्ती केली, "म्हणजे... झाला." पुढचं सगळं त्याने ठरल्याप्रमाणे खोटं ठरवलं. सासऱ्यांनीही. (सासरे सदैव पेपर वाचणारे गृहस्थ होते. घरात जे झालं ते पेपरात न आल्यामुळे त्यांना त्याची कल्पना नव्हती.)

मग सासूबाई उभ्या राहिल्या. काठाची इस्त्री केलेली साडी, ताठ मान.

"तुम्ही सुनेचा छळ केलात, असा पुरावा आहे."

"खोटं आहे."

"तुमच्या मागणीवरून सुनेच्या वडिलांनी दवाखान्यासाठी खुर्ची दिली, असा पुरावा आहे."

"खोटं आहे."

"सदर खुर्ची चांगल्या स्थितीत, नव्यासारखी होती, असं तिच्या वडिलांनी सांगितलं आहे."

सासूबाईंच्या कपाळावरची शीर फुगलेली मी माझ्या जागेवरून पाहिली.

"नव्यासारखी?"

गुळाचा खडा अर्धे उठले.

"नव्यासारखी? हे मात्र साफ खोटं आहे, साहेब! आम्ही नवी सांगितली होती. स्वच्छ शब्दांत सांगितली होती. यांनी कुठल्या तरी बुडालेल्या दवाखान्यातली उचलून आणली. वर गेली की खाली यायची नाही! माणूस तोंड उघडून तसाच वर अडकलेला! एकदा तर आमचे हेच अडकले होते."

सासऱ्यांनी सवयीने पेपर शोधला. तिथे पेपर नव्हता.

"बाईसाहेब, तब्येत..." गुळाचा खडा म्हणाले.

"तब्येतीला काय धाड भरलीय? नव्यासारखी म्हणे! चार माणसांत नाक कापलं आमचं. म्हणून तर मी हिला बजावलं, बापाला सांग बदलून द्यायला. तोवर..."

"तोवर काय?" साहेबांनी इतक्या हळू विचारलं की पंखा बंद झाल्यासारखं वाटलं.

"तोवर माझ्या स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं नाही. खाल्ल्या घराची किंमत नको कळायला?"

मी टाइप करत होतो आणि माझ्या यंत्राचा आवाज मलाच मोठा वाटत होता. सासूबाई रुबाबात खाली बसल्या. एक चुकीची नोंद वेळीच दुरुस्त केल्याचं समाधान त्यांच्या चेहऱ्यावर होतं.

आणि मग कवळीवाली हसली. आधी तोंडावर हात ठेवून, मग हात काढून. कुणी दात दाखवा म्हटलं नव्हतं. साहेबांनी तिला गप्प केलं नाही. मास्तर मात्र रडत होते, आणि ऑपरेशन झालेल्या डोळ्याला ते चालत नाही, म्हणून ती हसता हसताच त्यांचा डोळा टिपत होती.

युक्तिवादात गुळाच्या खड्याने शर्थ केली. म्हणाले, "'सांगितली' म्हणजे 'मागितली' नव्हे. भिकारी मागतो. दुकानात माणूस फक्त सांगतो." साहेब त्यावर इतकंच म्हणाले, "बरोबर. मुलीच्या बापाचं दुकान आहे, असंच समजलात ना तुम्ही?" हे वाक्य वगळायला त्यांनी सांगितलं नाही.

निकाल लागला. शपथेवरचा पुरावा आणि बाईंचा शपथेविना आलेला स्वाभिमान एकत्र वाचून मागणी सिद्ध, छळ सिद्ध. सासूबाई आणि दंतवैद्य यांना शिक्षा. सासऱ्यांविरुद्ध काही सिद्ध झालं नाही, कारण त्यांनी काही केलं नव्हतं, अगदी काहीच नाही. अंगठ्याबाबत मात्र दवाखान्याचा कागद आड आला. तिथे संशयाचा फायदा नवऱ्याला मिळाला आणि दोष वाऱ्याकडे गेला. वाऱ्याचा पत्ता अपूर्ण असल्याने त्याच्यावर कारवाई झाली नाही.

त्याच दिवशी अपील दाखल झालं, जामीन झाला. दंतवैद्याचा दवाखाना चालू आहे. अपील तुमच्या-माझ्या हयातीत निघेल अशी मला दाट आशा आहे.

निकालाची नक्कल न्यायला कवळीवाली एकटीच आली होती. आता ती कोरणी चार बोटांत धरते, अंगठा नुसता टेकवते. वेळ लागतो, पण कारखान्याने परत घेतलं. नक्कल हातात घेऊन तिने ते एकच पान शोधलं आणि उभ्या उभ्या वाचलं.

"शिक्षा पाहताय का? ती शेवटच्या पानावर आहे," मी म्हणालो.

"नाही हो," ती म्हणाली. "त्यांचं बोलणं पाहतेय. इतकी वर्षं सगळे इतकं ठामपणे नाही म्हणत होते ना, मलाच वाटायला लागलं होतं, खरंच मालिकाच असेल."

मी तिला त्या पानाची जादा प्रत काढून दिली. नियमात बसत नव्हतं. पण यंत्रात कागद होता.

या निकालाने समाजात मोठी जागृती झाली, हे मात्र मान्य करावंच लागेल. मुलांच्या आया सावध झाल्या. कुणीही आता 'नवी' म्हणत नाही. कुणी 'सांगत'ही नाही. परवाच गुळाच्या खड्याच्या मुलाच्या लग्नाची बैठक झाली. न्यायालयातली माणसं म्हणून आम्हालाही आवर्जून बोलावलं होतं. वकीलसाहेबांनी पत्नीला आधीच सांगून ठेवलं होतं, फक्त हसायचं. ते स्वतः मुलीच्या वडिलांपुढे हात जोडून म्हणाले, "आम्हाला काही म्हणजे काही नको. तुमची प्रकृती कशी आहे?"

मुलीच्या वडिलांच्या चेहऱ्यावरचा ताण पार उतरला. सगळे खूश झाले. चहा आला. दिवाणखाना प्रशस्त होता, नुकताच रंग दिलेला. खिडकीपाशी एक भिंत तेवढी मोकळी होती, तिच्यापुढे फरशीवर काहीही नव्हतं. वकीलसाहेब त्या भिंतीकडे बघत नव्हते. त्यांच्या पत्नी बघत नव्हत्या. खोलीतलं कुणीही अवाक्षर काढत नव्हतं, आणि ती बैठक कायद्याच्या दृष्टीने इतकी निर्मळ होती की माझा ऊर भरून आला.

तेवढ्यात तुम्ही बोललात. हो, तुम्हीच. मुलाकडून आला होतात, माझ्या शेजारी बसला होतात, दुसरा चहा घेत होतात. अगदी सहज, कुणाचं काही देणं-घेणं नसल्यासारखे म्हणालात, "तिथे एक मोठा टीव्ही काय शोभेल, नाही?"

मुलीच्या वडिलांनी खिशातून पेन काढलं.